फ्रिस्कोहून सिम्फनीला

आमचं फ्रिस्को म्हणजे सॅन फ्रान्सिस्को नव्हे. कोल्हापूरच्या नातेवाइकांना हे मी अठरा वर्षं सांगते आहे, तरीही कॅलिफोर्नियात भूकंप झाला की पहिला फोन आम्हालाच येतो. हे फ्रिस्को टेक्सासमधलं, डॅलसच्या उत्तरेचं. सेंट लुईस–सॅन फ्रान्सिस्को रेल्वेच्या मार्गावर विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वसलेलं गाव. त्या रेल्वेला लोक 'फ्रिस्को' म्हणत, तेच नाव गावाला चिकटलं. गंमत म्हणजे ती रेल्वे सॅन फ्रान्सिस्कोपर्यंत कधी पोचलीच नाही!

१९९०च्या जनगणनेत इथं जेमतेम सहा हजार माणसं होती. २०२०मध्ये ती दोन लाखांवर गेली. त्या वाढीत आपला वाटा मोठा. कार्यसिद्धी हनुमानाच्या मंदिरात शनिवारी गाडी लावायला जागा मिळत नाही आणि किराणा दुकानात भाजणीच्या पिठापासून कोल्हापुरी चटणीपर्यंत सगळं मिळतं. गाव खेळांचं वेडं आहे. डॅलस काउबॉइज या फुटबॉल संघाचं मुख्यालय इथं, एफसी डॅलसचं सॉकर स्टेडियम इथं, बेसबॉलचं मैदान इथं आणि अमेरिकेतल्या व्यावसायिक गोल्फ प्रशिक्षकांच्या संघटनेचं मुख्य कार्यालयही आता इथंच. भारतातून पाहुणे आले की दाखवायला मैदानं भरपूर. एखादा पाहुणा मात्र विचारतो, "आणि गाणंबजावणं कुठं होतं?" मग गाडी काढावी लागते.

संगीतासाठी बांधलेलं मोठं सभागृह फ्रिस्कोला नाही. होता होता दोनदा राहिलं. पहिल्या वेळी आसपासच्या शहरांनी मिळून कॉलिन काउंटीसाठी एक कलासंकुल उभारायचं ठरवलं होतं. २०११मध्ये फ्रिस्कोच्या मतदारांनी आपल्या वाट्याच्या रोख्यांना दिलेली संमती मागे घेतली आणि ती योजना बारगळली. दुसऱ्या वेळी शहरानं स्वतःच एक मोठं कलाकेंद्र आखलं. त्यासाठी मे २०२५मध्ये दोन प्रस्ताव मतदानाला आले आणि दोन्ही पडले. आमच्या घरात एक मत 'हो' होतं आणि एक 'नाही'. 'नाही' म्हणणाऱ्या माझ्या नवऱ्याचं म्हणणं काही अडाणीपणाचं नव्हतं. एवढा पैसा, वाहतुकीची आधीच कोंडी, आणि तिकिटं परवडणार कुणाला? माझ्याकडे त्याला एकच उत्तर होतं आणि ते कोल्हापुरात होतं. त्याकडे मी पुढे येते.

तर सभागृह नाही म्हणून काही संगीत थांबलेलं नाही. आमच्या भागातला जुना व्यावसायिक वाद्यवृंद म्हणजे शेजारच्या प्लेनो शहरातला प्लेनो सिम्फनी ऑर्केस्ट्रा. १९८३मध्ये चेंबर ऑर्केस्ट्रा म्हणून, म्हणजे थोड्या वादकांचा छोटा ताफा म्हणून तो सुरू झाला आणि हळूहळू पूर्ण सिम्फनी झाला. मूळचे मेक्सिकोचे हेक्टर गुझमान अनेक वर्षं त्याचे संगीत दिग्दर्शक आहेत. गावाबरोबर वाढलेली ही संस्था आहे, पण स्वतःच्या मालकीचं नाट्यगृह तिलाही नाही. तिच्या मैफली सेंट अँड्र्यू या मेथडिस्ट चर्चमध्ये होतात, नाहीतर रिचर्डसनच्या आयझमन सेंटरमध्ये. टोलवेनं दक्षिणेला निघालं की चर्च वीस-पंचवीस मिनिटांवर. आयझमनला थोडं जास्त, पण ते लोकल गाडीच्या स्टेशनला लागूनच आहे.

पहिल्यांदा चर्चमध्ये मैफल ऐकायला गेले, तेव्हा जरा बिचकले होते. पण आत शिरल्यावर वातावरण ओळखीचं वाटलं. दारात तिकीट बघणाऱ्या आजीबाई स्वयंसेवक, टेबलावर देणगीची पाकिटं, एकमेकांच्या गुडघ्याच्या ऑपरेशनची चौकशी करणारी जोडपी. आमच्या मंडळाच्या नाटकाला दारावर जसा माहोल असतो, अगदी तसाच. फक्त चहा-वड्यांचा वास नव्हता. मंचावर वादक आपापलं वाजवत असतात, नुसता कल्लोळ. मग दिवे मंद होतात आणि ओबो नावाचं एक वाद्य एकच सूर लावून धरतं. बाकी सगळे त्याच्याशी आपली वाद्यं जुळवतात. तानपुरे जुळवण्यात अर्धा तास गेला तरी कुरकुर न करणाऱ्या माणसांना तो अर्धा मिनिट फार आवडावा असा असतो.

इथं शब्दाचा एक घोळ सांगायला हवा. मराठी माणसाला 'ऑर्केस्ट्रा' म्हटलं की गणपतीतला मांडव आठवतो. चमकीचा कोट घातलेला निवेदक, आवाजांच्या नकला, किशोरकुमार आणि लताबाईंची गाणी. आई सहा महिन्यांसाठी आली होती, तेव्हा तिला मी म्हटलं, "आज ऑर्केस्ट्राला जायचंय." ती जरीकाठाची साडी नेसून तयार झाली आणि गाडीत म्हणाली, "जुनी गाणी म्हणतात ना गं हे लोक?" गाणी कुणी म्हणत नाही, नुसतं वाजवतात, हे ऐकून तिचा चेहरा पडला. तो कार्यक्रम सिम्फनीचा नव्हताच, माझ्या मुलीच्या शाळेच्या वाद्यवृंदाचा होता. मुलांनी मोझार्टच्या चाळिसाव्या सिम्फनीचा पहिला भाग सुरू केला आणि दहा सेकंदांत आई माझ्या कानाशी आली. "अगं, हे तर तलतचं!" खरंच होतं. सलील चौधरींनी १९६१च्या 'छाया' चित्रपटात तलत आणि लताबाईंच्या द्वंद्वगीतासाठी हीच चाल घेतली होती. आई पुढे ते गाणं मनातल्या मनात म्हणत होती, हे तिच्या बोटांवरून कळत होतं. मधेच तिनं विचारलं, "दाद कधी द्यायची?" मी म्हटलं, शेवटी. "म्हणजे एवढा वेळ नुसतं गप्प बसायचं?" आपल्याला ते खरंच जड जातं. जागेवर 'वा' म्हणून मोकळं व्हायची आपली रीत. इथं तीन-चार भागांची सिम्फनी पूर्ण संपेपर्यंत ती 'वा' पोटात ठेवावी लागते.

आईला जे दहा सेकंदांत कळलं, त्याच्यामागे मोठा इतिहास आहे. आपल्या हिंदी चित्रपटगीतांतली व्हायोलिनं, चेलो, ट्रंपेट वाजवणारे कितीतरी वादक गोव्याचे होते. चर्चमधल्या शाळांत नोटेशन शिकून मुंबईला आलेले. त्यांतले माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस हे प्यारेलाल यांचे व्हायोलिनचे गुरू. 'अमर अकबर अँथनी'मधल्या गाण्यातलं ते नाव शिष्यानं गुरूला केलेला नमस्कार आहे. आणि मुंबईत १९३५ साली बाँबे सिम्फनी ऑर्केस्ट्रा उभा करणारे मेहली मेहता हे झुबिन मेहतांचे वडील. म्हणजे जो प्रकार आपण परका समजतो, तो आपल्या कानात लहानपणापासून बसलेला आहे, फक्त वेगळ्या नावानं.

शाळेचा उल्लेख आला, तर ते सविस्तर सांगायला हवं, कारण इथल्या वाद्यवृंदाची मुळं तिथं आहेत. आमच्याकडे सहावीत मुलांना ऑर्केस्ट्रा, बँड, गायन असे पर्याय मिळतात. वर्गात, शाळेच्या वेळेत, गणितासारखा रोजचा तास. व्हायोलिन महिन्याच्या भाड्यानं दुकानातून आणायचं. चेलो किंवा डबल बास यांसारखी मोठी वाद्यं बऱ्याचदा शाळा देते. पहिले तीन महिने घरात मांजर कोंडल्यासारखे आवाज येतात. मग एक दिवस सूर लागतो. आपल्या मुलांची या वर्गांत मोठी गर्दी असते. शाळेच्या कार्यक्रमाच्या पत्रिकेत कुलकर्णी, रेड्डी, पटेल, किम, चेन अशी नावं एका खाली एक येतात.

मग परीक्षा. वसंतात 'यूआयएल' नावाची राज्यव्यापी स्पर्धा असते. प्रत्येक वाद्यवृंद मंचावर तयार केलेल्या रचना वाजवतो आणि नंतर दुसऱ्या खोलीत जाऊन, आधी कधीच न पाहिलेली रचना काही मिनिटं वाचून थेट वाजवून दाखवतो. गुरूच्या तोंडून शिकलेल्या माझ्या पिढीला याचंच सगळ्यात नवल वाटतं. वैयक्तिक निवडही असते. आधी विभाग, मग राज्य. परीक्षकांना मूल दिसत नाही, नाव कळत नाही, फक्त क्रमांक आणि आवाज. आडनावाचा उच्चार करताना शिक्षकांची जीभ अडखळते, अशा आमच्या मुलांना त्या पडद्याचं मोल वेगळं सांगावं लागत नाही. निवडलेली मुलं फेब्रुवारीत सॅन अँटोनियोला ऑल-स्टेट वाद्यवृंदात वाजवायला जातात. दिवाळीच्या फराळाला चार घरं जमली की कुणाचं मूल यंदा कुठल्या फेरीपर्यंत गेलं, हा विषय चकलीइतकाच हमखास.

या मुलांना शिकवतं कोण? शाळेतले शिक्षक असतातच, शिवाय आठवड्यातून एकदा स्वतंत्र शिकवणी असते. माझ्या मुलीच्या चेलोच्या बाई मला एका शनिवारी मैफलीत मंचावर दिसल्या, काळ्या पोशाखात. तेव्हा प्रादेशिक सिम्फनी कशावर चालते, हे माझ्या ध्यानात आलं. अशा वाद्यवृंदांत बहुतेक वादक पगारी नोकर नसतात. प्रत्येक तालमीचे आणि प्रत्येक मैफलीचे पैसे मिळतात. म्हणून तोच वादक या आठवड्यात एका गावात, पुढच्या आठवड्यात दुसऱ्या. मधल्या दिवसांत शिकवण्या, लग्नसमारंभ, चर्चमधली वादनं. जवळच डेंटनला युनिव्हर्सिटी ऑफ नॉर्थ टेक्सासचं संगीत महाविद्यालय आहे, देशातल्या मोठ्या संगीत महाविद्यालयांपैकी एक. तिथून शिकून निघालेले कितीतरी जण याच परिसरात राहतात. सिम्फनी आहे म्हणून ते इथं राहतात आणि ते इथं राहतात म्हणून आमच्या मुलांना शिकवायला कुणी मिळतं. या साखळीतली एक कडी निघाली, तर दुसरी टिकत नाही.

कडी निघू शकते, हे टेक्सासनं पाहिलं आहे. आमची मुलं दर फेब्रुवारीत ज्या सॅन अँटोनियोला वाजवायला जातात, त्या शहराचा स्वतःचा सिम्फनी वाद्यवृंद १९३९ पासून होता. २०२१च्या सप्टेंबरात वेतनकपातीवरून वादकांनी संप केला. तोडगा निघाला नाही आणि जून २०२२मध्ये संस्थाच विसर्जित झाली. ऐंशीहून अधिक वर्षांचा संसार एका हंगामात मोडला. वादकांनी मात्र हार मानली नाही. त्यांनी सॅन अँटोनियो फिलहार्मोनिक नावानं नव्यानं सुरुवात केली, आणि कुठे? एका बाप्टिस्ट चर्चमध्ये. दुसरं उदाहरण आणखी जवळचं. मेहली मेहता पुढे अमेरिकेत आले. त्यांनी १९६४मध्ये लॉस एंजेलिसला अमेरिकन यूथ सिम्फनी स्थापन केली आणि अनेक वर्षं तरुण वादक घडवले. एका मुंबईकरानं लावलेलं ते झाड २०२४मध्ये पैशाअभावी बंद पडलं.

अशा संस्थांचं गणित आपल्या मंडळातल्या खजिनदाराला एका मिनिटात कळेल. तिकिटांतून निम्मा खर्चही निघत नाही. बाकीचं देणगीदार, कंपन्या आणि शहराचं अनुदान यांतून येतं. टेक्सासच्या कायद्यानं शहराला हॉटेलवरच्या करातला १५ टक्क्यांपर्यंतचा भाग कलांसाठी वापरता येतो, म्हणजे लग्नाला आलेले आपले पाहुणे हॉटेलात उतरतात तेव्हा नकळत त्यांचाही हातभार लागतो. पण करापेक्षा महत्त्वाची गोष्ट म्हणजे खुर्चीत बसलेली माणसं. मैफलीत मी आजूबाजूला बघते, तेव्हा पांढरे केस दिसतात. चाळीस वर्षांपूर्वी ज्यांनी हा वाद्यवृंद उभा करायला मदत केली असेल, तीच पिढी. आमच्यातली मंडळी मोजकी. ज्या भागात घराघरात व्हायोलिनची पेटी आहे, तिथं प्रेक्षागृहात आपली दहा डोकीही मोजताना शोधावी लागतात.

कारणं मला माहीत आहेत, ती माझीही आहेत. शनिवारी कुणाचा तरी वाढदिवस, मंडळाची तालीम, गरबा. रविवारी मराठी शाळा. शिवाय बऱ्याच घरांत वाद्य ही कॉलेजच्या अर्जावरची एक ओळ असते. प्रवेश मिळाला की पेटी पलंगाखाली जाते. मुलांनी सात वर्षं रोज वाजवलं आणि आईवडिलांनी एकदाही मोठ्यांची सिम्फनी ऐकली नाही, तर मुलानं तरी ती पेटी पुन्हा का उघडावी?

आता ते कोल्हापूरचं उत्तर. शाहू महाराजांनी खासबागेत कुस्तीचं मैदान बांधलं आणि त्याला पाठ लावून नाट्यगृह बांधलं. पॅलेस थिएटर १९१५मध्ये सुरू झालं, पुढे त्याला संगीतसूर्य केशवराव भोसल्यांचं नाव मिळालं. एका भिंतीच्या अलीकडे लाल मातीतला आखाडा आणि पलीकडे नाट्यपदं. अमुक आधी आणि तमुक नंतर, असं कोल्हापूरला कधी वाटलं नाही. कुस्तीचा शौकीन माणूस रात्री गाण्याला यायचाच. त्याच गावात गायन समाज देवल क्लब १८८३ पासून चालू आहे, म्हणजे प्लेनोच्या वाद्यवृंदाच्या बरोबर शंभर वर्षं आधीपासून. लहानपणी आजोबांच्या मांडीवर बसून मी तिथली गाणी ऐकत, आणि खरं तर झोपत, वाढले.

८ ऑगस्ट २०२४च्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृहाला आग लागली. दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती होती. आमच्याकडे सकाळ-दुपारची वेळ. ऑफिसच्या फोनवर एकामागून एक व्हिडिओ येत होते. भाऊ रस्त्यावर उभा राहून फोनवर बोलत होता आणि मधेच गप्प होत होता. तो म्हणाला, "माणसं रडायला लागलीत गं. ज्यांनी आयुष्यात नाटकात काम केलं नाही, तीपण." नंतर ते पुन्हा उभारायचं ठरलं, तेव्हा खर्च किती, कशाला हवं, असं कुणी विचारल्याचं माझ्या कानावर आलं नाही.

त्यानंतर नऊ महिन्यांनी फ्रिस्कोनं 'नको' म्हटलं. मला वाईट वाटलं, पण रागावण्यासारखं काही दिसलं नाही. कोल्हापूरला शंभर वर्षांची सवय होती आणि सुरुवात करून द्यायला एक राजा होता. फ्रिस्कोची बहुतेक माणसं गेल्या वीस वर्षांत आली. जिथं कधी बसलोच नाही, त्या खुर्चीसाठी मत कोण देणार? सभागृह आधी की श्रोता आधी, या प्रश्नाचं उत्तर प्लेनोच्या वाद्यवृंदानं चार दशकं चर्चमध्ये वाजवून दिलंच आहे. श्रोता आधी. सवय लागली की पुढच्या पिढीत कुणीतरी भिंती बांधेल, आणि त्या भिंतींत आपली नाटकंही होतील. आज ती आपण शाळांची सभागृहं भाड्यानं घेऊन करतो आणि नेपथ्य रात्री दहाच्या आत उतरवतो.

गेल्या वर्षीपासून आमच्या गल्लीतली चार कुटुंबं हंगामात निदान दोन मैफलींना एकत्र जातात. माझा नवराही येतो. मताबद्दल त्याचं म्हणणं बदललेलं नाही, पण मध्यंतरात चेलोच्या बाईंना भेटून "आज तुमची बाजू फार छान झाली" असं सांगणारा पहिला माणूस तोच असतो.

नव्यानं जाणाऱ्यांसाठी थोडं अनुभवाचं. लहान मुलं असतील, तर आधी मुलांसाठीच्या छोट्या कार्यक्रमाला जा. अनेक वाद्यवृंद अशा वेळी मुलांना खरी वाद्यं हाताळू देतात. मोठ्या मैफलीला शिकाऊ व्हायोलिनवाला बरोबर असेल, तर डावीकडची जागा घ्या, पहिल्या व्हायोलिनांचे हात दिसतात. चेलोवाल्यांनी साधारणपणे उजवीकडे बसावं. जी रचना वाजणार असेल, ती आदल्या आठवड्यात गाडीत दोनदा ऐकून ठेवा, बंदिश ओळखीची असली की रागही ओळखीचा वाटतो. आणि दाद शेवटीच द्या. शेवट आला की नाही हे कळत नसेल, तर संचालकाचे दोन्ही हात खाली येईपर्यंत थांबा.